१४ महिन्यांत बदली, तीही नोव्हेंबरात. मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं का?

जुळे_सोलापूरकर
१६ नोव्हेंबर २०२५, रात्री १०.४०

नमस्कार. पहिल्यांदाच धागा काढतेय, लांबण लागली तर सांभाळून घ्या.

मी सोलापुरात राज्य शासनाच्या एका कार्यालयात वरिष्ठ लिपिक आहे. कार्यालयाचं नाव लिहीत नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये या टेबलावर आले. परवा शुक्रवारी संध्याकाळी, पर्स उचलून निघायच्या वेळेला, बदलीचा आदेश हातात दिला. चंदगड. कोल्हापूर जिल्ह्याचं पार टोक, पलीकडे बेळगाव. कारण एका ओळीत : 'प्रशासकीय कारणास्तव'.

घरी सासऱ्यांचं आठवड्यातून दोनदा डायालिसिस. त्यांना नेणं-आणणं मीच करते, कारण यजमान चिंचोळी एमआयडीसीत शिफ्टला असतात. मुलगी दहावीला.

अजून एक गोष्ट. ऑगस्टमध्ये एका खरेदीचं बिल माझ्याकडे आलं, त्याला दरपत्रकं जोडलेली नव्हती. मी टिप्पणीत तेवढंच लिहिलं आणि बिल परत केलं. त्या दिवसापासून माझ्याशी बोलणं तुटक झालं. बदलीचा संबंध त्याच्याशी आहे असं मला वाटतं, पण हातात पुरावा काही नाही.

उद्या कार्यमुक्त करतो, म्हणजे इथल्या कामातून मोकळी करतो, असं साहेब म्हणालेत. मॅटमध्ये जाता येतं का? गेलं तर पुढची सगळी नोकरी 'ही कोर्टात जाणारी बाई' म्हणून काढावी लागते का? दोन रात्री झोप नाही.

---

निवृत्त_हेडक्लार्क
१६ नोव्हेंबर, रात्री ११.१५

ताई, आधी एवढंच सांगा : कार्यमुक्तीचा आदेश अजून हातात मिळालेला नाही ना? नसेल तर उद्या कार्यालय उघडताच दोन कामं करा.

एक, अभिवेदन द्या, म्हणजे तुमचं म्हणणं लेखी मांडा. आवक-जावकला देऊन तुमच्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्या. तोंडी विनंती करून परत येऊ नका. दोन, माहिती अधिकारात तुमच्या बदलीच्या संपूर्ण नस्तीची (फाईलची) प्रत मागा, टिप्पणीसह आणि मान्यतेच्या सहीसह. माहिती यायला ३० दिवस लागतील, तोपर्यंत थांबायचं नाही, पण अर्ज गेलेला असू द्या.

आणि काहीही झालं तरी घरी बसून राहू नका. एकतर्फी कार्यमुक्त केलं तर रजेचा अर्ज द्या, नाहीतर 'हक्क अबाधित ठेवून' असं लिहून तिकडे हजर व्हा. गुजरात विद्युत मंडळाच्या एका कर्मचाऱ्याचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं, निकाल १९८९ चा. अर्ज दिलाय, निर्णय होईपर्यंत जाणार नाही, असं म्हणून तो रुजूच झाला नाही. नोकरी गेली आणि न्यायालयानेही ती परत दिली नाही. अर्ज प्रलंबित असणं म्हणजे स्थगिती नव्हे, हे तेव्हापासून पक्कं आहे. माझ्या डोळ्यांदेखत दोघांनी हीच चूक केलेली आहे.

मी स्वतः ३४ वर्षं आस्थापनेवर काढली. बदल्यांचे आदेश टाईप करणारा हात माझाच होता. पूर्वी मे महिना आला की आमच्या व्हरांड्यात माणसं सकाळपासून उभी असायची. कुणाच्या हातात आईचे एक्सरे, कुणाच्या कडेवर पोर. कारण लिहायचा रकाना कागदावर असायचा, पण त्यात काय लिहायचं हे ठरलेलं असायचं. 'प्रशासकीय कारणास्तव' हे दोन शब्द मी किती वेळा टाईप केले असतील याची मोजदाद नाही. त्यामागे काय आहे हे विचारायचा अधिकार ना मला होता, ना ज्याची बदली झाली त्याला. २००६ नंतर तो मिळाला. तो वापरा.

---

काळा_कोट
१७ नोव्हेंबर, सकाळी ७.०५

हेडक्लार्क काकांनी पाया घातलाच आहे. मी सेवाविषयक प्रकरणं चालवतो, म्हणून कायद्याचं सांगतो. आदेश पाहिल्याशिवाय पक्कं मत कुणी देऊ नये. हेही त्याच मर्यादेत घ्या.

बदलीविरुद्ध दाद मागताना माणसं पहिल्या पानावर घरची अडचण लिहितात. साहजिक आहे, दुखतं तेच आधी बोललं जातं. पण न्यायाधिकरण अडचणीवर सहसा बदली थांबवत नाही. बदली हा सेवेचाच भाग आहे आणि एकाच जागी राहण्याचा हक्क कुणाला नाही, ही भूमिका सर्वोच्च न्यायालयाने १९९१ च्या शिल्पी बोस प्रकरणात स्पष्ट मांडली. हस्तक्षेप कधी? कायद्यातली बंधनकारक तरतूद मोडली असेल तर, किंवा बदली दुष्ट हेतूने केली असेल तर. १९९३ च्या अब्बास प्रकरणात तो कर्मचारी शिलाँगमध्ये होता, बदली झाली पौडीला. पती-पत्नीला शक्यतो एकत्र ठेवावं अशी मार्गदर्शक सूचना होती, तरी न्यायालय म्हणालं की सूचना म्हणजे कायदा नव्हे.

आपल्याकडे मात्र महाराष्ट्रात खुद्द कायदाच आहे, आणि इथेच ताईंची बाजू भक्कम होते. त्याचं नाव लांबलचक : महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५. अंमल १ जुलै २००६ पासून. कलम ३ प्रमाणे एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी ३ वर्षं. कलम ४(४) प्रमाणे बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. इतर वेळी करायची तर नवीन पद, रिक्त पद असं कारण हवं, नाहीतर अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण, आणि तेही लेखी नोंदवून, वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेऊन. ३ वर्षं पुरी व्हायच्या आत हलवायचं तर कलम ४(५) : विशेष बाब, लेखी कारणं, आणि कलम ६ च्या तक्त्यातल्या लगतच्या वरच्या सक्षम प्राधिकाऱ्याची पूर्वपरवानगी.

तुमची बदली मध्यावधी आहे आणि मुदतपूर्वही. म्हणजे दोन्ही कुलपं उघडलेली असायला हवीत. 'पूर्व' हा शब्द नीट धरून ठेवा. आधी आदेश आणि मागाहून सही असेल तर ती पूर्वमान्यता होत नाही. 'प्रशासकीय कारणास्तव' एवढ्याने कारण नोंदवलं असंही होत नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०१३ मध्ये म्हसके प्रकरणात या कलमांची चांगली चिकित्सा केली आहे, तुमच्या वकिलाला ते दाखवायला सांगा.

बिलाच्या गोष्टीबद्दल. ती अर्जात जरूर घ्या, पण घटनाक्रम म्हणून, तारखांसह. अमक्याने आकसाने केलं असं म्हणायचं असेल तर त्या अधिकाऱ्याला नावाने प्रतिवादी करावं लागतं आणि सिद्ध करण्याचा भार तुमच्यावर येतो, तोही जड. १९७४ च्या रोयप्पा प्रकरणात तर खुद्द तमिळनाडूचे मुख्य सचिव गेले होते, त्यांनाही दुष्ट हेतू सिद्ध करता आला नाही. कायदा मोडल्याचं दिसत असताना त्या वाटेला पहिलं पाऊल टाकू नका.

जागा : राज्य शासनाचे कर्मचारी म्हणून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, आणि सोलापूरसाठी मुंबईचं मुख्य पीठ. ऑगस्टपासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (फिरतं पीठ) सुरू झालंय म्हणून पुष्कळ जण तिकडे निघतात, पण १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर पहिली पायरी न्यायाधिकरणच. उच्च न्यायालय त्यानंतर.

---

विजापूर_रोड
१७ नोव्हेंबर, सकाळी ९.३०

एवढं कोर्टकचेरी कशाला ओ? आमदारांचं पत्र आणा, दोन दिवसांत काम होतं. माझ्या मेव्हण्याचं झालंय.

---

निवृत्त_हेडक्लार्क
१७ नोव्हेंबर, सकाळी १०.१०

ताई, हे करू नका. वर्तणूक नियम १९७९ मधला नियम २३ सेवाविषयक बाबीत राजकीय किंवा बाहेरचा दबाव आणण्याला मनाई करतो. ते पत्र तुमच्याच नस्तीत लागतं आणि उद्या तुमच्याविरुद्ध दाखवलं जातं. स्वच्छ टिप्पणी लिहिणाऱ्या माणसाने नस्त स्वच्छ ठेवावी.

---

काळा_कोट
१७ नोव्हेंबर, दुपारी १.२०

सहमत. एक पुस्ती जोडतो, कारण उलटा गैरसमजही दिसतो. लोकप्रतिनिधीच्या शिफारशीवरून बदली झाली एवढ्यानेच ती रद्द होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये म्हटलं आहे. तक्रार आली, प्रशासनाने ती स्वतः तपासली आणि मग निर्णय घेतला, तर चालतं. पण निनावी तक्रारीवरून चौकशी केली, त्यात काही सापडलं नाही, तरी माणसाला हलवलं, तर ती शिक्षेऐवजी केलेली बदली ठरते. २००९ चं सोमेश तिवारी प्रकरण तेच आहे. भोपाळहून शिलाँगला पाठवलं होतं, बदली रद्द झाली.

---

माळशिरसची_बाई
१७ नोव्हेंबर, रात्री ८.४५

मी जिल्हा परिषद शाळेत शिक्षिका. आमचं गणित वेगळं, म्हणून इथे लिहून ठेवते, कुणाला तरी लागेल. आम्हाला मॅट नाही. आमच्या जिल्हांतर्गत बदल्यांचं धोरण शासन निर्णयाने ठरतं, २७ फेब्रुवारी २०१७ चा होता, मग ७ एप्रिल २०२१ चा आणि त्यानंतर १८ जून २०२४ चा आला. शिक्षकांचे गट, म्हणजे संवर्ग एक, दोन, तीन, चार, आणि सगळं ऑनलाईन. दाद मागायची तर उच्च न्यायालयात रिट याचिका.

मी माळशिरसला, हे अक्कलकोट तालुक्यात. जिल्हा एकच, पण एक पश्चिमेचं टोक आणि एक पूर्वेचं. पाच वर्षं रविवारचा संसार केला. पती-पत्नी एकत्रीकरणात अंतर ३० किलोमीटरच्या वर असावं लागतं, ते दाखवायला बांधकाम विभागाचा दाखला काढायला तीन खेटे. तरी सांगते, यंत्रावर बदल्या आल्यापासून कुणाच्या दारात उभं राहावं लागत नाही. यादीत आपण कुठे आणि का, हे दिसतं. ताईंच्या कार्यालयात तेच दिसत नाही, म्हणून झोप उडते.

रिटसाठी पूर्वी मुंबई गाठावी लागायची. आता १८ ऑगस्टपासून कोल्हापूर. सांगोला-मिरज करत त्याच दिवशी परत येता येतं.

---

करमाळा_शेतकरी
१८ नोव्हेंबर, सकाळी ६.५०

मी कर्मचारी नाही. रागावू नका पण आमचीही बाजू ऐका.

आमच्या तालुक्यातल्या एका कार्यालयात एक टेबल दीड वर्ष रिकामं होतं. ज्याची बदली व्हायची तो स्थगिती आणायचा, नाहीतर रजा टाकायचा. सगळ्यांना सोलापूर शहर पाहिजे. वारसाची नोंद करायला माझा म्हातारा बाप आठ वेळा गेला. प्रत्येक वेळी 'साहेब रुजू व्हायचेत' एवढंच उत्तर. तो गेला तेव्हा नोंद झालेली नव्हती. तुम्ही लोक कायद्याचं बोलता, तर आमच्यासाठी कायदा कुठे आहे?

---

जुळे_सोलापूरकर
१८ नोव्हेंबर, रात्री १०.०५

दादा, तुमचं वाचून बराच वेळ काही सुचलं नाही. वडिलांबद्दल वाईट वाटलं.

चंदगडच्या लोकांनाही लिपिक लागतो, हे मला मान्य आहे. तीन वर्षं झाल्यावर, एप्रिल-मेमध्ये, सगळ्यांच्या बदल्या होतात तशी माझी झाली असती तर मी हा धागा काढला नसता. याआधी चार वर्षं मी सांगोल्याला होते, पहाटेच्या एसटीने. बदली नको असं माझं म्हणणं नाही. बिल परत केलं म्हणून कुणाला तीन महिन्यांत उचलून टाकता येऊ नये, एवढंच आहे. ती टिप्पणी मी तुमच्याच पैशासाठी लिहिली होती.

काल अभिवेदन दिलं, शिक्का घेतला. माहिती अधिकाराचा अर्जही दिला. साहेबांनी कार्यमुक्तीवर अजून सही केलेली नाही. उद्या रात्री सिद्धेश्वर एक्सप्रेसने मुंबईला निघतेय, वकील ठरलेत.

---

काळा_कोट
१९ नोव्हेंबर, सकाळी ७.३०

करमाळ्याच्या दादांना : तुम्ही विचारलेला कायदा हाच आहे. बदल्यांचा आणि दिरंगाईचा कायदा एकच. कलम १० प्रमाणे कोणतीही नस्त कर्मचाऱ्याकडे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहता कामा नये, आणि जाणूनबुजून उशीर केला तर शिस्तभंगाची कारवाई. पहिला अर्धा भाग कर्मचारी वापरतात. दुसरा अर्धा नागरिकांनी वापरावा असा आहे, तो फार थोडे वापरतात. वारस नोंद अजून झालेली नसेल तर लिहा, अर्ज करून देतो. पैसे नकोत.

---

रेल्वे_लाईन्स
१९ नोव्हेंबर, दुपारी ४.१५

सोलापूर विभागातल्या रेल्वेवाल्यांसाठी : आपलं न्यायाधिकरण वेगळं, केंद्रीय. त्याचं पीठ मुंबईत. पोस्ट आणि केंद्राच्या इतर खात्यांचंही तेच. राज्याचा २००५ चा कायदा आपल्याला लागू नाही, त्यामुळे वरचं एप्रिल-मे आपल्या अर्जात लिहू नका. एकाने लिहिलं होतं.

---

बँकेतला_एक
१९ नोव्हेंबर, रात्री ९.००

राष्ट्रीयीकृत बँका, एलआयसी, आहेरवाडी-फताटेवाडीच्या एनटीपीसीसारखे केंद्राचे उपक्रम : आम्हाला ना मॅट, ना केंद्रीय न्यायाधिकरण. घटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालय. हाती असतं ते बहुतेक वेळा फक्त बदली धोरण, आणि ते कायदा नसल्यामुळे न्यायालय जपूनच पाऊल टाकतं.

पण ताई, तुमच्या बिलावरून मला २०२० चं पंजाब अँड सिंध बँकेचं प्रकरण आठवलं. इंदूर शाखेतल्या महिला अधिकाऱ्याने दारू ठेकेदारांच्या खात्यांतले गैरव्यवहार वर कळवले होते, वरिष्ठाविरुद्ध लैंगिक छळाची तक्रारही केली होती. त्यांना जबलपूर जिल्ह्यातल्या सरसावा शाखेत टाकलं, तेही खालच्या श्रेणीच्या अधिकाऱ्याच्या जागेवर. सर्वोच्च न्यायालयाने ती बदली रद्द झालेलीच ठेवली, परत इंदूरला नेमायला लावलं आणि ५०,००० रुपये खर्चही द्यायला लावला. हे प्रकरण मी छापून ड्रॉवरमध्ये ठेवलंय. शाखेत काही चुकीचं दिसलं की ते ड्रॉवरमध्ये आहे एवढं आठवलं तरी लिहायला हात धजावतो.

२०२२ चा नौशाद रहमान निकालही वाचा. मागणी मान्य झाली नाही, पण बदली धोरण ठरवताना पती-पत्नी, दिव्यांग, कुटुंबातलं आजारपण यांचा विचार व्हावा असं न्यायालयाने सरकारला सांगितलं. सासऱ्यांचं डायालिसिस अर्जात नव्हे, अभिवेदनात ठळक घ्यायचं ते यासाठी. प्रशासनाने ते वाचून नाकारलं की न वाचताच, हे पुढे दिसतं.

---

युनियनवाला_बार्शी
२० नोव्हेंबर, सकाळी ११.००

एसटी आणि तत्सम ठिकाणच्या कामगारांनी १९७१ चा महाराष्ट्राचा अनुचित कामगार प्रथांचा कायदा पाहावा. अनुसूची ४, बाब ३ : धोरणाच्या आडून दुष्ट हेतूने केलेली बदली ही अनुचित प्रथा. तक्रार ९० दिवसांत औद्योगिक न्यायालयात. मुदत चुकवू नका मालक, कित्येक प्रकरणं तिथेच पडतात.

---

जुळे_सोलापूरकर
२५ नोव्हेंबर, रात्री ११.३०

आज सकाळी घरी पोचले. सविस्तर लिहिते, कारण जायच्या आधी मला असं कुणी लिहिलेलं हवं होतं.

गुरुवारी सकाळी सीएसएमटीला उतरून वेटिंग रूममध्येच आवरलं. न्यायाधिकरण मंत्रालयाजवळ आहे. मला वाटलं होतं सिनेमातल्यासारखा कठडा वगैरे असेल, तसं काही नाही. अर्जाची फी ५० रुपये, वकिलांची फी वेगळी. प्रतिज्ञापत्रावर सह्या केल्या, त्यात सासऱ्यांचा उल्लेख दोन ओळींचा आणि कलम ४(४), ४(५) ची चार पानं. वाचताना जीव खालीवर झाला, आपलं दुखणं एवढंसंच उरलं असं वाटलं. वकील म्हणाले, मॅडम, दुखणं खरं आहे, पण आदेश मोडणार तो या चार पानांनी.

सुनावणी काल सोमवारी झाली. दुपारी तीनच्या पुढे नंबर आला आणि पाच-सात मिनिटांत झालंही. सरकारतर्फे सादरकर्ता अधिकारी होत्या. पूर्वमान्यता आहे का असं पीठाने विचारलं. त्यांच्याकडे नस्त नव्हती, त्यांनी वेळ मागितला. नस्त हजर करा आणि तोपर्यंत 'जैसे थे'. मी अजून कार्यमुक्त नव्हते हे तिथे कामाला आलं. हेडक्लार्क काका, तुम्ही त्या रात्री पहिलाच प्रश्न तो विचारला होता.

आज कार्यालयात आदेशाची प्रत दिली. कुणी काही बोललं नाही. शिपाई मामांनी न सांगता चहा आणून ठेवला.

---

निवृत्त_हेडक्लार्क
२६ नोव्हेंबर, सकाळी ६.१५

वाचलं. आता वेळेच्या आधी जा आणि वेळेनंतर निघा. हजेरीपत्रकावर एकही लाल खूण येऊ देऊ नका. सुट्टीच्या दिवशी भेटा हवं तर, सिद्धेश्वर तलावाकाठी मी रोज सकाळी असतो.

---

करमाळा_शेतकरी
२ डिसेंबर, रात्री ८.००

वकीलसाहेबांनी अर्ज करून दिला, आज तहसीलला देऊन पोच घेतली. ताईंना शुभेच्छा. माझा राग तुमच्यावर नव्हता.

---

जुळे_सोलापूरकर
८ फेब्रुवारी २०२६, दुपारी ३.२०

उशिरा लिहितेय. मध्ये गड्ड्याची यात्रा, मग सासऱ्यांना आठवडाभर ॲडमिट ठेवलं होतं, आता बरे आहेत.

डिसेंबरात नस्त हजर झाली. बदलीचा आदेश १४ नोव्हेंबरचा, वरच्या मान्यतेची सही १८ नोव्हेंबरची, म्हणजे मी अभिवेदन दिल्याच्या दुसऱ्या दिवशीची. कारणाच्या जागी तेच दोन शब्द. पुढच्या तारखेला सरकारतर्फे सांगितलं की आदेश मागे घेत आहोत. परवा निकाली निघालं. नियमाप्रमाणे नव्याने कार्यवाही करायची मुभा त्यांना ठेवली आहे, म्हणजे उद्या योग्य कारण लिहून, आधी मान्यता घेऊन माझी बदली होऊ शकते. ते मी समजून आहे. आकसाबद्दल न्यायाधिकरणाने काहीच म्हटलं नाही, आम्ही तो मुद्दा लावून धरलाही नव्हता. याची थोडी खंत आहे, लपवत नाही.

'कोर्टात जाणारी बाई' म्हणतात का? दोघं म्हणतात. तिघांनी मात्र जेवणाच्या सुट्टीत हळूच येऊन कलम ४(५) म्हणजे नक्की काय ते विचारलं. त्यांना काळा कोट सरांचा वरचा प्रतिसाद वाचायला दिला.

आणि ऑगस्टमधलं ते बिल गेल्या मंगळवारी पुन्हा माझ्या टेबलावर आलं. तीन दरपत्रकं जोडलेली होती. तपासली, बरोबर होती. टिप्पणी लिहून त्याच दिवशी पुढे पाठवलं.